आम्ही समाधानी आहोत

माझं अक्षर चांगलं आहे. ही फुशारकी नव्हे. पौडच्या शाळेत तीस वर्षं मराठी शिकवलं, फळ्यावर इतकं लिहून कोणाचंही अक्षर वळणदार होईल. पण सूसच्या मठातली रविवारची मराठी मिस्सा गेली त्याला माझं हे अक्षर कारण झालं, आणि ते मला अजून पचलेलं नाही.

मठ म्हणजे आम्हा ख्रिस्ती लोकांचा, आणि मिस्सा म्हणजे चर्चमधली उपासना. दगडी चर्च, त्याला चिकटून ब्रदर लोकांच्या, म्हणजे आमच्या संन्याशांच्या, खोल्या, मागे त्यांचं लांबोडकं जेवणघर आणि त्याच्यामागे भाजीचा मळा. बांधला तेव्हा आजूबाजूला नुसता माळ होता, गुरं चरायची. मी नगर जिल्ह्यातून लग्न होऊन इकडे आले तेव्हासुद्धा चर्चच्या दारात उभं राहिलं की थेट डोंगर दिसायचा. आता डोंगर आहे म्हणतात, तो वीस मजल्यांच्या पलीकडे. पूर्वी मठात पंचवीस-तीस ब्रदर असायचे, आता चार उरलेत. त्यांच्या रिकाम्या खोल्यांमध्ये आयटीतली मंडळी दोन दिवस मौन पाळायला येतात आणि सोमवारी पुन्हा फोनवर ओरडायला लागतात. मळ्यावर मुरूम पडून पार्किंग झालं. पहाटेची घंटा शेजारच्या सोसायटीने तक्रार केल्यावर बंद पडली. बाळं उठतात म्हणे. ती आता फादरांच्या मोबाइलवर वाजते.

या सगळ्याचं मला वाईट वाटलं, पण त्यावर माझा हक्क सांगावा असं त्यात काही नव्हतं. माझं जे होतं ते रविवारी सकाळी सात वाजता होतं. चर्चच्या शहाबादी फरशीवर सतरंज्या अंथरून आम्ही तीसेक माणसं बसायचो, बायका डावीकडे, पुरुष उजवीकडे, चपला बाहेर. मठाच्या जुन्या स्वयंपाकिणी, माळी, त्यांच्या सुना-मुलं, नगरकडची आमच्यासारखी तीन-चार घरं. कोळवणहून एक म्हातारी मुलाच्या जीपमधून यायची. झांजा असायच्या, आणि ढोलकीवर माळीबाबा.

माळीबाबांनी मठाचा मळा चाळीस वर्षं सांभाळला. त्यांचे वडील मिशनच्या लोकांबरोबर नगरहून आले, पण बाबा वाढले सूसच्या गावठाणात, त्यामुळे बोलणं पक्कं इकडचं. त्यांचं लग्न याच चर्चमध्ये झालं, बायकोच्या अंत्यविधीची मिस्साही इथेच झाली. मळा गेल्यावर मठातलं त्यांचं म्हणून एवढंच उरलं होतं, रविवारची ढोलकी. शनिवारी संध्याकाळी ते ती उन्हातून आत आणून ठेवायचे आणि मला फोन करून विचारायचे, "बाई, उद्या कुटली गाणी घेयाची?" गाण्यांची वही मीच लिहिलेली, म्हाताऱ्या डोळ्यांना दिसेल अशा मोठ्या अक्षरात.

दोन वर्षांपूर्वी नवे फादर आले, मंगळूरकडचे. वय चाळिशीचं, हसरे, आणि मराठी शिकायची हौस. दर गुरुवारी संध्याकाळी मठाच्या व्हरांड्यात मी त्यांना शिकवायला जायची. ऱ्हस्व-दीर्घ त्यांना पटकन आलं. अडलं ते 'आम्ही' आणि 'आपण' यांच्यात. दोन्हींचा अर्थ एकच ना, म्हणायचे.

"एकच कसा?" मी म्हणाले. "ऐकणाऱ्याला आत घेतलं तर आपण, बाहेर ठेवलं तर आम्ही. देवाशी बोलताना आम्ही म्हणायचं, कारण पापं आमची आहेत, त्याची नाहीत. लोकांशी बोलताना आपण."

त्यांना ते इतकं आवडलं की पुढच्या रविवारच्या प्रवचनात त्यांनी 'आपण'चा नुसता पाऊस पाडला. बाहेर चपला घालताना कोळवणची म्हातारी मला म्हणाली, "फादर आता आपल्यातलं झालं." मला काय मूठभर मांस चढलं म्हणून सांगू. विद्यार्थी चांगला निघाला की मास्तरीण लगेच आंधळी होते, हे मी शाळेत कितीदा पाहिलं होतं. स्वतःच्या बाबतीत दिसलं नाही.

नाताळ झाल्यावर चर्चच्या छपराची दुरुस्ती निघाली. वाशांना वाळवी लागली होती, ते खरंच होतं, मी स्वतः पाहिलं. आमच्यानंतरच्या इंग्रजी मिस्सेला टॉवरमधली माणसं फार, ती पार्किंगमध्ये मांडवात घ्यायची आणि मराठी मिस्सा मागच्या जेवणघरात, असं ठरलं. पावसाळ्याआधी परत. फादर म्हणाले, "बाई, तुम्ही सांगितलं तर लोक ऐकतील."

मी सांगितलं. बाकीच्यांनी माना डोलावल्या, माळीबाबांनी नाही. ढोलकीच्या दोऱ्या आवळत म्हणाले, "एकदा जागा सोडली का मागं येता येत न्हाई, बाई. मळ्याचं बी आसंच झालं. चार दिस मुरूम टाकतो म्हनले हुते."

"हे छपराचं काम आहे, बाबा. मी शब्द देते तुम्हाला."

"तुमी म्हंताय तर व्हय," ते म्हणाले आणि ढोलकी उचलून पहिले तेच जेवणघराकडे निघाले.

जेवणघरात आम्हाला बरं वाटलं, हे लपवून काय करू? छत बुटकं, त्यामुळे ढोलकी अशी घुमायची की चर्चमध्ये कधी घुमली नव्हती. शेजारीच स्वयंपाकघर. फादर उपवासाचं महत्त्व सांगत असताना नेमकी लसणाची फोडणी पडायची आणि बायका पदर तोंडाला लावून हसायच्या. कोणी कुरकुर केली नाही. मनात हिशेब एवढाच, की थोड्या दिवसांचा प्रश्न आहे.

मार्चमधल्या एका गुरुवारी फादरांनी माझ्यापुढे एक कागद ठेवला. त्यांच्या संस्थेच्या मुंबईच्या वरिष्ठांना पाठवायचं पत्र, स्वतः मराठीत लिहिलेलं. "काम रेंगाळतंय," ते म्हणाले, "वरिष्ठांना कळू द्या की मराठी लोक सहकार्य करत आहेत. तुमच्याच भाषेत कळू द्या." पत्र चार ओळींचं होतं. आपण जेवणघरात नीट स्थिरावलो आहोत. जागा आपल्याला पुरते. आपण समाधानी आहोत. आपली काही तक्रार नाही.

दुसऱ्या कोणी हे वाचलं असतं तर थांबून विचारलं असतं, की हे आपण कशाला कळवतोय? मी पिशवीतून लाल पेन काढलं. "फादर, पत्र वरिष्ठांना जाणार ना? मग ते यात धरायचे नाहीत. इथे सगळीकडे आम्ही हवं." सगळे 'आपण' मी खोडले, 'आपली'चं 'आमची' केलं, एक वेलांटी दीर्घ केली. फादर कपाळाला हात लावून हसले. म्हणाले, "एवढं शिकून पुन्हा तीच चूक. आणि माझं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. बाई, तुम्हीच लिहून द्याल का? तुमचं अक्षर वरिष्ठांनी एकदा पाहायलाच पाहिजे."

असं मला हरभऱ्याच्या झाडावर चढवलं, आणि मी चढले. शाईच्या पेनने, समास सोडून, लिहून दिलं. खाली 'आपले नम्र, मराठी भाविक' असंही मीच घातलं, कारण पत्राला शेवट हवा. घरी येताना वाटलं की बाबांना फोन करून सांगावं. मग वाटलं, चार ओळींचं तर पत्र, त्यात काय सांगायचं.

मेच्या अखेरीस छप्पर झालं. शनिवारी आम्ही बायकांनी सतरंज्या धुऊन माझ्या गच्चीवर वाळवल्या. रविवारी पावणेसातला सतरंज्यांच्या गुंडाळ्या घेऊन चर्चच्या दारात गेलो, आणि दारातच थांबलो. आत बाकं होती. नवी, चकचकीत, भिंतीपासून भिंतीपर्यंत, आणि प्रत्येक बाक शहाबादीत बोल्ट मारून पक्कं केलेलं. बाकांवर माणसं बसली होती, पायात बूट घालून. समोर मोठा पडदा, त्यावर इंग्रजी गाण्याचे शब्द. सात वाजता इंग्रजी मिस्सा सुरू झाली.

फादर बाहेर आले. आम्हाला म्हणाले की आपण जेवणघरात बसून बोलू. बोलायचं म्हणून बोलावताना ते 'आपण' म्हणाले, हे मला नीट आठवतं. ती इंग्रजी मिस्सा दुसऱ्या फादरांकडे होती, त्यामुळे आमच्या फादरांना घाई नव्हती. सगळे सतरंज्यांवर बसल्यावर ते स्वच्छ मराठीत म्हणाले, "आम्ही ठरवलं आहे की मराठी मिस्सा यापुढे महिन्यातून एकदा होईल. पहिल्या रविवारी, दुपारी तीन वाजता, इथेच."

खरं सांगते, आधी माझं लक्ष वाक्यावर गेलं. क्रियापद बरोबर, 'आम्ही' बरोबर, चूक काढायला जागा नव्हती. अर्थ त्याच्यानंतर आला.

माळीबाबा बसल्या जागेवरून म्हणाले, "आमाला कुनी इचारलं?"

फादरांनी फाइलमधून कागद काढला आणि वाचून दाखवला. आम्ही जेवणघरात नीट स्थिरावलो आहोत. जागा आम्हाला पुरते. आम्ही समाधानी आहोत. आमची काही तक्रार नाही. माझ्याकडून शिकलेल्या उच्चारांत, जिथे थांबायचं तिथे थांबून. वरिष्ठांनी याच पत्रावरून निर्णय घेतला, ते म्हणाले.

बाबांनी हात पुढे केला. कागद घेतला, डोळ्यांपासून लांब धरला. चौथीपर्यंत शिकलेला माणूस, पण माझं अक्षर ते दर रविवारी वहीत वाचत आले होते. "ह्ये बाईंचं अक्षर हाय," ते म्हणाले. आवाज चढला नाही. कागद त्यांनी शेजारच्याला दिला, त्याने पुढच्याला. तो सगळीकडे फिरून माझ्याकडे यायच्या आधीच कोळवणची म्हातारी उठली आणि मुलाला म्हणाली, "चल, जीप काड."

मी मागे थांबले. फादरांना म्हणाले, "तुम्ही मला काम रेंगाळतंय म्हणून सांगितलं होतं."

"रेंगाळलंच होतं." ते शांत होते, जरा थकलेलेही. "बाई, इंग्रजी मिस्सेला तीनशे माणसं येतात, त्यांनाही सातचीच वेळ हवी. तुम्ही तीस. मी काय करू? आणि पत्रात खोटं काय आहे? तुम्ही समाधानी नव्हता?"

खोटं काहीच नव्हतं. एकेक शब्द मीच तपासलेला. केसाने गळा कापतात म्हणतात तो असा, आणि वर केस माझ्याच डोक्यावरचा. मी निघाले तेव्हा ते मागून म्हणाले, "गुरुवारी येणार ना?" त्यांना खरंच वाटत होतं की मी येईन. त्याचा मला जेवढा राग आला तेवढा बाकांचाही आला नाही.

चार दिवस बसून मी वरिष्ठांना दुसरं पत्र लिहिलं. सगळं स्पष्ट. पहिलं पत्र आम्हाला न विचारता गेलं, आम्ही थोड्या दिवसांसाठी जागा सोडली होती, आम्हाला आमची सातची मिस्सा चर्चमध्ये परत हवी, सतरंज्यांपुरती मागची जागा मोकळी केली तरी आम्हाला चालेल. खाली सह्यांसाठी रेघा आखल्या. पहिली रेघ बाबांसाठी.

गावठाणात त्यांचं घर आता दोन टॉवरच्या मधल्या बोळात आहे. ते अंगणात घेवड्याच्या वेलाला सुतळी बांधत होते. मला पाहून हात धुतले, खुर्ची पुढे ओढली. मी सगळं सांगितलं, गुरुवार, लाल पेन, कोंबडीचे पाय, सगळं. सांगता सांगता रडले. म्हणाले, "बाबा, मला फसवलं त्यांनी."

"व्हय," बाबा म्हणाले. "तुमाला त्यांनी फसवलं." मग सुतळीचा गुंडा गुंडाळत राहिले. "पर आमाला तुमी फसवलं, बाई. त्यांच्याकडं आमी शब्द कुटं मागितला हुता? त्यो तुमीच दिला."

मी पत्र पुढे केलं. त्यांनी ते पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं, ओळीखाली बोट ठेवून, घाई न करता. "चांगलं लिव्हलंय," म्हणाले. मग घडीवर घडी घालून, सही न करता, माझ्या हातात परत दिलं. सुनेला आत सांगितलं, बाईंना च्या टाक.

बाकीच्यांच्या घरी गेले तिथे प्रत्येकाने एकच विचारलं, बाबांनी केली का सही? कोळवणच्या म्हातारीने तेवढंही विचारलं नाही. तिचा मुलगा फाटकातूनच म्हणाला, आई झोपलीय.

शेवटी घरी बसून मी लाल पेन काढलं. पत्रातला प्रत्येक 'आम्ही' खोडून वर 'मी' लिहिलं. नुसतं तेवढ्याने भागत नाही, त्यामागची क्रियापदं बदलावी लागतात, तीही बदलली. सह्यांच्या रिकाम्या रेघा गाळून पुन्हा स्वच्छ उतरवून काढलं, आणि पौडच्या पोस्टात जाऊन टाकलं.