मिरज कुठं संपते

माझं घर कुठं आहे, हे मला एका वाक्यात सांगता येत नाही. लाइट बिलावर कुपवाड आहे, घरपट्टीच्या कागदावर सांगली. रिक्षावाले विश्रामबाग म्हणतात, कारण त्यांना ते सोपं जातं. समोरच्या निवृत्त सुभेदारांच्या पाटीवर गावाचं एक नाव, त्यांना खेटून राहणाऱ्या मास्तरीणबाईंच्या पाटीवर दुसरंच, आणि दोन घरांमधली भिंत एकच. माझ्या आधार कार्डावर मात्र मिरज आहे, कारण ते मी बदललंच नाही. बायकोनं फॉर्म आणून दिला होता. तो मी चुलीत घातला असता, पण घरात गॅस आहे.

आम्ही तंबोरे करणारी माणसं. अब्बा करायचे, त्यांचे अब्बा करायचे. आमच्या धंद्यात मिरज सोडली की माणूस अर्धा होतो. आणि मी सोडली, असं सगळे म्हणतात. मी काय परदेशी गेलो? लग्नानंतर गल्लीतल्या दोन खोल्यांत आम्ही मावेनासे झालो, म्हणून सांगलीच्या रस्त्याला प्लॉट घेतला आणि मागं पत्र्याची शेड टाकली. दुकान मोठ्या भावाकडं राहिलं. दुकानाबरोबर गल्ली राहिली, अब्बांची बसायची गादी राहिली, आणि आल्यागेल्यानं 'उस्ताद' म्हणणंही त्याच्याकडंच राहिलं. माझ्याकडं हत्यारांची एक पेटी आली.

मला त्याचा लय जळफळाट व्हायचा. लपवून काय करू? मिरजेत स्वागत करणारी पाटी माझ्या फाटकापासून तीनशे बारा पावलांवर आहे. मी मोजलीत, दोनदा. रस्ता रुंद करताना ती उपटून काही दिवस माझ्या कुंपणाला टेकवून ठेवली होती. तेवढे दिवस मी मिरजेत होतो. चहा घेऊन तिच्याशेजारी उभा राहायचो. मग ती त्यांनी परत होती तिथं नेऊन रोवली.

आमच्यात भोपळ्याच्या आत कागदाचं लेबल चिकटवतात. करणाऱ्याचं नाव, खाली गाव. मी वेगळं काम सुरू केलं तेव्हा छापखान्यातल्या माणसानं विचारलं, गाव काय टाकू? मी म्हणालो, मिरज. छापून झाल्यावर लेबल भावाला दाखवायला गेलो, भांडायच्या तयारीनंच. त्यानं चष्मा वर करून बघितलं आणि म्हणाला, "कागद चांगला वापरलाय." एवढंच. तो भांडला असता तर मी चार दिवस सुखानं जेवलो असतो.

साताऱ्याच्या एक गाणाऱ्या बाई आहेत. आता वय झालंय, पण शिकवतात अजून. त्यांचा तंबोरा अब्बांनी केलेला. दर एक-दोन वर्षांनी त्या जवारीला यायच्या. जवारी म्हणजे तार ज्या घोडीवर टेकते तिचा माथा कानशीनं घासून तारेला गुंजन आणायचं. केसाएवढं जास्त घासलं की तार गप्प होते. बाईंच्या तंबोऱ्याला अब्बांनी आम्हा दोघांनाही कधी हात लावू दिला नव्हता. अब्बा गेले, आणि त्यानंतर पहिल्यांदा बाईंचा फोन आला तो मला. त्यांच्या एका शिष्येची सतार मी दुरुस्त केली होती, तिनं नंबर दिला होता.

मला आभाळ ठेंगणं झालं. गल्लीतल्या दुकानाला सोडून बाई माझ्याकडं येणार. अब्बांचा हात कुणाकडं उतरला, याचा निकाल लागणार.

"तुमचं दुकान कुठं आहे हो?" बाईंनी विचारलं. "आमचंही तसंच आहे म्हणा. आम्ही सातारा सांगतो, पण परवापरवापर्यंत आमच्या इथं ग्रामपंचायत होती. नीट सांगा, मला चालवत नाही फार."

आता सरळ सांगायचं होतं की बाई, विश्रामबागला उतरा, मी स्टेशनवर येतो. घरापासून स्टेशन दहा मिनिटांवर आहे. पण ते नाव माझ्या तोंडातून निघेना. अब्बा फोनवर जे सांगायचे तेच मी सांगितलं, अगदी त्यांच्याच आवाजात.

"मिरजला उतरा. स्टेशनवर कुणालाही विचारा."

त्या दिवशी मी सकाळपासून शेडमध्ये बसलो होतो. कानशी ओळीनं मांडल्या, तारेखाली घालायचं सूत काढून ठेवलं, चादर बदलली. बायकोनं शिरखुर्मा केला होता, ईद नसताना. अकराच्या सुमाराला मागच्या रुळांवरून साताऱ्याकडून येणारी गाडी गेली. पत्रे हादरले. त्या गाडीत बाई होत्या. माझ्या शेडच्या मागून, त्यांच्या तंबोऱ्यासकट, पुढं मिरजेला गेल्या.

बारा वाजले, एक वाजला. फोन लागेना. दोनच्या सुमाराला बायको म्हणाली, "आवं, रिक्षावाला त्यांना कुठं नेणार? मिरजेत तंबोऱ्याचं म्हटल्यावर आपल्याच जुन्या दुकानात नेणार की. भाईजानना फोन लावा."

ते मलाही एक वाजताच कळलं होतं. मी फोन लावला नाही. भाईजानला काय विचारू? माझं गिऱ्हाईक तुझ्याकडं आलंय का? शिरखुर्मा तसाच राहिला.

दुसऱ्या दिवशी बाईंचा फोन आला. आवाज विशीतल्या पोरीसारखा.

"अहो, काय काम केलंत. तुमच्या भावांना म्हटलं, मला धाकट्यांकडून करून घ्यायचंय. ते म्हणाले, हो, तोच करेल, आत बसलाय, पण लाजतो, समोर येणार नाही. तंबोरा आत घेऊन गेले आणि दोन तासांनी आणून दिला. अगदी वडिलांचा हात आहे तुमचा. थांबा, ऐका."

त्यांनी फोन तंबोऱ्याशी नेला. आधी पंचम, मग जोडी, मग खर्ज. खर्जाची, सगळ्यात खालच्या सुराची तार छेडली आणि गुंजन संपेचना. मी डोळे मिटले तर अब्बा समोर बसलेले. आणि एक गोष्ट मला तिथंच कळली, कुणी सांगायची गरज नव्हती. ते मला जमलं नसतं. मी चांगला कारागीर आहे, पण तो खर्ज माझ्या हातून निघाला नसता.

"तुमचंच काम ना हे?" बाई म्हणाल्या.

"होय," मी म्हणालो.

संध्याकाळी तीनशे बारा पावलं ओलांडून मिरजेत गेलो. भाऊ दुकानात भोपळा घासत होता. मी चप्पलही काढली नाही.

"माझं नाव का सांगितलंस?"

"त्या तुझ्याकडं आल्या होत्या," तो म्हणाला. "वाट चुकल्या. परत तुझ्याकडं पाठवणार होतो, पण त्यांचे गुडघे सुजले होते, रिक्षातून उतरतानासुद्धा त्रास. मग इथंच केलं. तुझं गिऱ्हाईक मी का घेऊ?"

त्यात टोमणा नव्हता. मी त्याच्या तोंडाकडं नीट बघितलं, सापडावा म्हणून. मग तो म्हणाला, "पुढच्या खेपेला त्यांना विश्रामबागला उतरायला सांग. तुझ्या घरापासून जवळ पडतंय."

इतकी वर्षं मला त्याच्या दुकानाचा, गल्लीचा, गादीचा हेवा होता. ते सोपं होतं. दुकान वाटून मिळतं, गल्ली वाटून मिळते. त्या दिवसापासून मला त्याच्या हाताचा हेवा वाटतो, आणि हातापेक्षा जास्त त्याच्या त्या साध्या बोलण्याचा. रात्री झोपताना मी ते शब्द स्वतःच्या तोंडून म्हणून बघतो. नीट येत नाहीत.

गेल्या महिन्यात बाईंचा पुन्हा फोन आला. खर्ज जरा दबल्यासारखा वाटतो, म्हणाल्या, तुमच्या हातूनच हवा. कुठं उतरू?

मागच्या रुळांवरून गाडी जात होती. ती जाईपर्यंत मी थांबलो.

"मिरजला उतरा," मी म्हणालो. "स्टेशनवर कुणालाही विचारा."