बुधाजीकाकांचा वन्स मोअर

सीडी खरखरली म्हणून मी ती बाहेर काढली, शर्टाला पुसली आणि परत घातली. बोटांना बटाटेवड्याचं तेल होतं हे मला नंतर आठवलं. तोवर स्पीकरमधून "बा-बा-बा-बा" सुरू झालं होतं आणि रंगमंचावरच्या राजाचं तोंड बंद होतं.

राजा म्हणजे आमच्या बदलापूर गावातले बुधाजीकाका. दिवसा अंबरनाथला काडेपेटीच्या कारखान्यात. गावदेवीच्या जत्रेत मात्र पंचवीस वर्षं संगीत नाटकातला राजा. माईक नसतानाही आवाज नदीपर्यंत जायचा, असं गाव सांगायचं. नदीपलीकडच्यांना कोणी विचारलं नव्हतं.

दोन हजार चार साली उल्हासनगरच्या कॅम्प दोनमधल्या एका सिंधी शेठने संगीत नाटकांच्या व्हीसीडी काढायचं ठरवलं. लग्नांचं शूटिंग करणारा मी त्याचा कॅमेरामन झालो, आणि सीडी लावणाराही मीच. काकांची गाणी आधीच स्टुडिओत रेकॉर्ड केली होती. एकेक ओळ, मध्ये गरम पाणी, परत तीच ओळ. कारखान्याच्या धुळीने गळा बसला होता. हे तिघांनाच ठाऊक होतं: काका, शेठ आणि मी. शूटिंगला काकांनी नुसते ओठ हलवायचे.

शेठला पडद्यावर गर्दी हवी होती, म्हणून देवळापुढे मांडव घालून गाव बोलावलं. गाव आलं की वन्स मोअर येणारच. पहिल्याच गाण्याला तो दिला नाही, तर आमच्याकडे गवयाचा अपमान असतो. वन्स मोअर आला, सीडी खरखरली, मी ती पुसून पुन्हा लावली, आणि हरवलेल्या बाळाला हाक मारणारा राजा "बा-बा"वर अडकला.

"बोकड घुसला रं मांडवात!" मागून कोणीतरी ओरडलं.

काकांच्या वयाचे एक जण उठले. "बुधाजी, तोंड बंद नि गाना चालू? ही इद्या कवा शिकलास?"

पुढे बसलेल्या काकांच्या बायकोने, तुळशीकाकूंनी, पदर तोंडावर ओढला. मी वायर उपटली.

"आता तुज्या गल्यान गा!" तेच गृहस्थ म्हणाले.

काका गायले. पहिली ओळ बरी गेली. दुसरी वर चढली आणि मध्येच फाटली. ते थांबले नाहीत. खालच्या पट्टीत, हळू, शेवटपर्यंत गायले. कोणी हसलं नाही. वन्स मोअरही कोणी दिला नाही. मी मान खाली घालून कॅमेऱ्यामागे उभा होतो. कॅमेरा चालूच होता.

"साईं, इतना काट दो, बाकी सोना है," शेठ म्हणाला. मी कापलं.

व्हीसीडी खपली. विठ्ठलवाडी डेपोबाहेरच्या टपरीवर काकांचा आवाज दिवसभर वाजायचा, कव्हरवर मिशीवाला राजा. "काका, काय गला हाय!" असं कोणी म्हटलं की काका चपलेकडे बघत पुढे निघायचे. शेठने आणखी तीन डिस्क काढल्या. काका तिन्हींत होते. त्यांची अट एकच, बघायला कोणी नको. रिकाम्या हॉलमध्ये ते ओठ हलवायचे, छान हलवायचे. जत्रेच्या मांडवात मात्र पुन्हा उभे राहिले नाहीत.

मग एकदा माझ्या व्हिडिओच्या दुकानात आले. हातात वालाच्या शेंगांची पिशवी.

"धर्मेश, ते दिवशी मी खरा गायलू, तेवरा मना डिस्कवर दे."

"काका, ते कशाला? आवाज फाटलाय त्यात."

"फाटला तरी माजाच हाय ना. तुळशी बोलते, डिस्कवाला बुधाजी तिच्या वलकीचा नाय."

ते गाणं होतं त्या टेपवर मी केव्हाच खरवई गावातल्या एका लग्नाची हळद शूट केली होती. नवी टेप आणायचा कंटाळा, दुसरं कारण नाही. मी म्हणालो, "शोधतो काका. पोटमाळ्यावर असेल."

पिशवी त्यांनी काउंटरवर ठेवली. "शेंगा घरच्या हान. आयशीला दे."

आईने रविवारी उसळ केली. चांगली झाली होती.

काका अजून रस्त्यात भेटतात. "गावला का रं?"

"शोधतोय, काका."