सोनपाखराचं राज्य

लहान मुलांना कुणी देवाघरची फुलं म्हटलं की माझं डोकं फिरतं.

लढाईच्या दिवसांत मावशी वारली. तिची सहा वर्षांची मुलगी नेवाशाला आमच्याकडे आली आणि आई रोज माझ्याआधी तिची वेणी घालू लागली. मी नऊ वर्षांची. माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

बाभळीवरचं हिरवं सोनपाखरू मी काडेपेटीत ठेवलं होतं. तिला म्हटलं, "हा राजा आहे. प्रवरेच्या तळाशी याचं राज्य. मेलेल्या आया तिथं याची दळणं दळतात. एकवीस दिवस अवाक्षर काढलं नाहीस, तर तो तुझ्या आईला सोडेल."

ती मुकी झाली. बाराव्या दिवशी घरच्यांनी वैदूला बोलावलं. त्यानं विळा तापवून तिच्या पोटावर डाग दिला. आई रडत तिचे पाय धरून बसली होती, आणि मी दारातून बघत होते. पोरगी एकदाच ओरडली, "आई गं!"

संध्याकाळी ती माझ्याजवळ आली. बोटं दाखवून विचारलं, किती दिवस राहिले?

"ओरडलीस ना? आता पहिल्यापासून," मी म्हटलं.

तिनं मान डोलावली आणि ओठ घट्ट मिटून घेतले.