मेलेल्या नवऱ्याचे पाय

माझं नाक मोठं, आवाज पुरुषी आणि डावा डोळा स्वतःच्या मर्जीचा. या भांडवलावर मी ब्रिटिश टेलिव्हिजनवर दुकानदारीण झाले, चेटकीण झाले, एकदा परग्रहावरची राणीही झाले. त्या राणीलाही भारतीय उच्चारांत बोलायला लावलं होतं!

दोन हजार सालानंतरची पहिली काही वर्षं. हॉस्पिटलच्या एका मालिकेत मला विधवेचं काम मिळालं. चांगला मोठा प्रसंग होता. एजंटबाईंनी फोनवर बजावलं, "या दिग्दर्शकाशी वाद घातलास, तर दुसरी एजंट शोध."

सेटवर गेले. ट्रॉलीवर माझा नवरा मरून पडलेला, म्हणजे लेस्टरचा एक गुजराती नट. पटकथेत लिहिलं होतं : ती छाती बडवते आणि नवऱ्याच्या नावाने किंचाळते.

"आमच्याकडे बायको नवऱ्याचं नाव उखाण्यात घेते," मी दिग्दर्शकाला म्हटलं, "तेही लोकांनी दार अडवल्यावर."

"मग हाक कशी मारता?"

"अहो."

"म्हणजे काय?"

"म्हणजे तोच. घरात दुसरा असतो कोण?"

तो हसला नाही. "प्रेक्षकांना दुःख दिसलं पाहिजे. किंचाळा."

तेवढ्यात प्रेत डोळे न उघडता पुटपुटलं, "बेन, भांडण आटपा ना. माझे पाय गारठलेत."

मी पाहिलं. चादर आखूड होती आणि त्याची उघडी पावलं खरोखरच निळसर पडली होती. कॅमेरा सुरू झाला. मी छातीला हात लावला नाही. अंगावरची शाल काढली, त्याच्या पायांवर घातली आणि तळवे चोळत म्हणाले, "अहो, मोजे तरी घालायचे होते." आवाज चढवला नाही, आमच्या घरात बायका ज्या सुरात नवऱ्याला रागावतात त्याच सुरात. हात थांबवायचा मला धीर होईना.  प्रेताच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि शॉट वाया गेला.

"पुन्हा," दिग्दर्शक म्हणाला. "आणि या वेळी किंचाळायचं."

मी गोड हसून मान हलवली आणि पुन्हा तळवे चोळले.

"ऐकू येतं ना तुम्हाला?"

"स्वच्छ."

तिसऱ्यांदाही तेच. मग स्टुडिओ दुसऱ्या युनिटला द्यायची वेळ झाली. दिग्दर्शकाकडे माझ्या त्या तळवे चोळण्याखेरीज काहीच उरलं नव्हतं, म्हणून तेच दाखवावं लागलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी एजंटबाईंनी मला काढून टाकलं. शब्दाच्या पक्क्या होत्या. पुढचे कित्येक महिने मी लंडनच्या स्टॅनमोर उपनगरातल्या घरी फोनकडे बघत बसले. कंटाळले, घाबरलेही, पण त्या तीन शॉट्सपैकी एकही परत द्यायची माझी तयारी नव्हती.

शेवटी एका नव्या एजंटने भेटायला बोलावलं. चहा यायच्या आधीच विचारलं, "तुम्ही वाद घालता म्हणे?"

"घालते," मी म्हटलं. "साखर दोन चमचे."