घरच्या फळांचं कॉकटेल

नानांनी जन्मभर डाळिंबं पिकवली आणि जन्मात एकही धड डाळिंब खाल्लं नाही. स्वतः खाल्लं नाही याबद्दल माझी तक्रार नाही, तो त्यांचा प्रश्न होता. आम्हालाही खाऊ दिलं नाही, हे मात्र मी अजून विसरलेले नाही. अंथुर्ण्याची आमची बाग बघायला लोक गाड्या करून यायचे, झाडांपाशी उभे राहून फोटो काढायचे आणि जाताना आम्हा मुलींना म्हणायचे, "तुमचं काय बाई, रोज डाळिंबंच खात असाल." आम्ही नुसत्या हसायचो. घरात काय येतं ते बाहेर सांगायची सोय नव्हती.

नाना म्हणजे माझे थोरले चुलते. तोडणीच्या दिवसांत शेडमध्ये ताडपत्रीवर फळांची रास पडायची आणि नाना तिच्यापुढे मांडी घालून बसायचे. एक नंबर, दोन नंबर आणि घरचं, अशी त्यांची प्रतवारी असे. एक नंबर बारामतीच्या आडत्याकडं जायचं, दोन नंबर भिगवणला हायवेवरच्या स्टॉलवाल्यांकडं. तडकलेलं, पाखरांनी टोचलेलं, तेल्या रोगाचे काळे डाग पडलेलं, खाली पडून एका अंगानं मऊ झालेलं, ते सगळं घरचं. इतर लोक 'घरचं' म्हटलं की तूप, लोणचं, लाडू असं काहीतरी चांगलं समजतात. आमच्याकडे ती नापास झालेल्या फळांची तुकडी होती. आणि फक्त डाळिंबं नव्हेत, बांधावरचे पेरू, पपया, सीताफळं, सगळ्यांना हाच न्याय.

बंडीच्या खिशात त्यांचा एक चाकू कायम असायचा. कुठलंही फळ हातात आलं की आधी चाकू उघडायचा, किडकं काढायचं, काळं काढायचं आणि उरलेला वेडावाकडा तुकडा समोरच्याच्या हातावर ठेवायचा. "वाईट तेवढं काढायचं. ऱ्हातं ते चांगलंच असतंय," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. गावात या वाक्याचं मोठं कौतुक होतं. नाना कसे साधे, कसे काटकसरी, म्हणून लोक पोरांना त्यांचा दाखला द्यायचे. जमीन बऱ्यापैकी असली की चिकटपणालाही लोक साधेपणा म्हणतात. हाच चाकू एखाद्या मजुराच्या खिशात असता तर त्याला भिकारडा म्हणाले असते.

मी शाळेत असताना एकदा तापानं फणफणले होते. डॉक्टर घरी येऊन इंजेक्शन देऊन गेले. आई म्हणाली, पोरीच्या तोंडाला चव नाही, एखादं डाळिंब द्या. नानांनी डॉक्टरांच्या गाडीत एक नंबरचा अख्खा क्रेट ठेवला आणि माझ्यासाठी उन्हानं तडकलेलं एक डाळिंब घेऊन आले. खाटेच्या कडेला बसून चाकूच्या टोकानं तपकिरी झालेले दाणे वेचून टाकत राहिले, चांगले माझ्या तोंडात घालत राहिले. पोट भरेपर्यंत उठले नाहीत. त्यांचं माझ्यावर प्रेम होतं, हे मला तेव्हाही कळत होतं. पण आजारी मी आणि डाळिंबं डॉक्टरांना, हा हिशेब मला आजतागायत पटलेला नाही. तुमच्याही घरात असा एखादा मोठा माणूस होऊन गेला असेल, ज्याला परक्यांपुढं चांगलं दिसायची हौस आणि आपल्यांना काहीही चालतं याची खात्री.

कॉकटेलचं खूळ त्यांच्या डोक्यात एका कृषी प्रदर्शनातून शिरलं. तिथं कुणीतरी त्यांना फुकट 'फ्रूट कॉकटेल'चा ग्लास दिला. फुकट असल्यानं तो त्यांना फार आवडला. त्या वर्षापासून भाऊबीजेला जमणाऱ्या लेकीबाळींसाठी आणि भाचरांसाठी नाना स्वतः कॉकटेल करू लागले. आमची आत्या माळकरी. नाव ऐकूनच तिनं ग्लास लांब सारला. नाना म्हणाले, "आगं, दारू न्हाय त्यात. नुसती फळं एका जागी बसवल्याती." कोणती फळं बसवली आहेत हे आत्याला माहीत होतं, म्हणून ती त्यानंतरही विचार करूनच प्यायली.

कृती मी सांगू शकते, कारण पातेलं घासायला मीच असायचे. घरच्या डाळिंबांचे दाणे फडक्यात घालून पिळायचे. टोचलेल्या पेरूंचे आणि मऊ पपयांचे चाकूनं वाचवलेले तुकडे त्यात सोडायचे. वरून गूळ, काळं मीठ, भाजलेल्या जिऱ्याची पूड, आणि वाढवायला विहिरीचं पाणी, तेही सढळ हातानं. पाणी हा एकच पदार्थ नाना सढळ हातानं घालत. बर्फ भिगवणहून यायचा, ओळखीच्या मासळीवाल्याकडून, पोत्यात गुंडाळून, अर्थातच फुकट. कॉकटेलला खाली जिऱ्याचा आणि वर चिलापी माशाचा वास असे. आत्यानं नाक मुरडलं की नाना म्हणायचे, "बर्फ म्हंजी पाणी. पाण्याला कुठं वास असतोय व्हय?" मग सगळ्यांकडून "झकास झालंय" असं वदवून घेतल्याशिवाय त्यांचं समाधान होत नसे. आम्ही म्हणायचो. जीभ आमची होती, घर त्यांचं होतं.

वैशू ही नानांची एकुलती एक लेक, माझ्या पाठची. ती कन्हेरीला दिली. सासरची माणसं भाजीपाला करणारी, हाताची मोकळी. पहिली तोड पाहुण्याला आणि शेजाऱ्याला देऊन मग उरलेली मार्केटला नेणारी. लग्नाला सहा-सात महिने झाले तरी आमच्या घरून तिकडं एक डाळिंब गेलं नव्हतं. एक दिवस तिची सासू चारचौघींत हसत म्हणाली, "वांगी-भेंडी पिकवणारी मानसं आमी. म्हनलं डाळिंबाच्या बागंतली सून करावी, तेवढंच डाळिंब तरी खाऊ." बाई वाईट नव्हती, गंमत केली होती. पण वैशूला ते बोलणं लागलं. तिनं मला फोनवर दोनदा सांगितलं.

म्हणून पहिल्या दिवाळसणाला माहेरी आल्या आल्या ती शेडमध्ये गेली. मी शेजारीच उभी होते. "नाना, या टायमाला कॉकटेल इकायच्या मालातल्या फळांचं करा. भाऊबीजेला सासूबाई मला न्यायला येणार हायत्या. त्यांच्यापुढं माझी मान खाली जाऊ देऊ नगा." नानांनी राशीतून डोकं वर न काढता म्हटलं, "व्हय, करू की." वैशू केवढी खूश झाली. सासूला खास फोन करून सांगितलं, उपाशीपोटी या म्हणून.

भाऊबीजेला घर उठायच्या आत नानांचं कॉकटेल तयार होतं. पातेल्यावर लालबुंद, टपोऱ्या दाण्यांचा थर. वैशूनं तो पाहिला आणि माझा हात दाबला. मी मात्र पळी घालून खाली ढवळलं. खाली तेच कोपरे उडवलेले तुकडे. माणसानं एक चांगलं डाळिंब फोडलं होतं आणि तेवढं वर पसरलं होतं. मी वैशूला बाजूला घेणार, तोच पाहुण्यांची गाडी दारात आली.

विहीणबाई जावयाला घेऊन आल्या होत्या आणि येताना वांग्यांची पाटी आणली होती. एका मापाची, चकचकीत, देठावर अजून काटे असलेली वांगी. पहिला ग्लास त्यांना दिला. दोन घोट घेऊन त्या म्हणाल्या, "ग्वाड झालंय हो." मग चमच्यानं तुकडे खाऊ लागल्या आणि चमचा अर्ध्या वाटेत थांबला. पेरूच्या फोडीतून एक पांढरी अळी बाहेर येत होती. बाईंनी चमचा ग्लासात ठेवला, ग्लास खाली ठेवला आणि म्हणाल्या, "प्वाट भरलं माजं." एवढ्यावर सगळं झाकलं गेलं असतं. पण नाना पुढं वाकले. चाकू उघडला, टोकावर अळी घेतली, अंगणात झटकली आणि ग्लास पुन्हा विहीणबाईंपुढं सरकवला. "पेरूतलीच अळी हाय, ईनबाई. पेरूच खाऊन वाढल्याली. प्या बिनघोर."

जावई खाली बघत बसला. वैशू उठली आणि शेडमध्ये गेली. तिथं टेम्पोची वाट बघत भरलेले क्रेट लावून ठेवले होते. ती पदरात मावतील तेवढी डाळिंबं घेऊन बाहेर आली. कागदात गुंडाळलेली, एक नंबरची. नाना आवाज न चढवता म्हणाले, "ती मालातली हायती. जाग्यावर ठिव."

वैशूनं एकदा बापाकडं बघितलं, एकदा सासूकडं. मग वळली आणि आत गेली. ती फळं परत क्रेटमध्ये ठेवत होती, त्याचा आवाज आम्हा सगळ्यांना बाहेर ऐकू येत होता. विहीणबाई मुलाला म्हणाल्या, "चला, उन्हाच्या आत निघू." आणलेली वांगी ठेवून त्या वैशूला घेऊन गेल्या. संध्याकाळी नानांनी त्यांचं भरीत करायला सांगितलं आणि दोन भाकरी जास्त खाल्ल्या. मी त्या रात्री जेवले नाही. ज्या माणसानं मला दाणे भरवले त्याची मला किळस आली होती.

पुढच्या दिवाळीला वैशू येते की नाही, हीच घरात चर्चा. ती आली, सासूला घेऊन, आणि हातात डाळिंबांचा खोका. कुणाला काही न विचारता अंगणात बसून तिनं कॉकटेल केलं. सगळी फळं तिनं आणलेली, बर्फसुद्धा बारामतीचा. नाना खाटेवर बसून बघत होते. मदतीला म्हणून चाकू उघडून बसले होते, पण काढून टाकण्यासारखं काही सापडेना. वैशूनं त्यांच्या हातात ग्लास दिला. ते हळूहळू प्यायले, तळापर्यंत. मग ताटातली एक साल उचलून उलटसुलट बघितली.

"ही आपल्या बागंतली हायती," ते म्हणाले.

"व्हय. तुमच्या आडत्याकडनं इकत घेतली."

मला वाटलं, आता तरी या माणसाला लाज वाटेल. नानांनी विचारलं, "काय भाव लावला त्यानं?" तिनं सांगितला. "लय घेतलं गं. मला सांगायचंस की."

"सांगितलं हुतं, नाना. मागच्या दिवाळीत."

विहीणबाईंनी ग्लास पुढं केला आणि म्हणाल्या, "मला आजून थोडं दे गं." नानांची लाज त्या बाईनं राखली.

त्यानंतर नानांनी कॉकटेल केलं नाही. पण दर भाऊबीजेला दारात एक क्रेट दिसू लागला. नाना स्वतः निवडायचे, एकेक फळ पुसून ठेवायचे. तो कुणासाठी आहे हे त्यांनी कधी सांगितलं नाही, परक्यांना देणं त्यांना येत होतं, आपल्यांना देणं कधी जमलंच नाही. वैशू यायची, त्यांच्या पाया पडायची, त्यांचं औषधपाणी बघायची, रात्री पाय चेपायची. क्रेटच्या बाजूनं जायची आणि आडत्याकडून आणलेल्या पिशवीतली फळं सोलायला बसायची. मला वाटायचं, घे बाई एखादं, म्हातारा झालाय. तिला तसं म्हणायचा धीर मला झाला नाही, आणि खरं सांगायचं तर मनातून बरंही वाटत होतं.

शेवटच्या दिवाळीला नानांना उठवत नव्हतं. खाट दाराशी आणली होती, क्रेट खाटेला लागून. वैशू पिशवी घेऊन आत निघाली तेव्हा त्यांनी तिचा पदर धरला. "पोरी, बघ तरी."

वैशू खाली बसली. एक डाळिंब उचललं, हातात फिरवून बघितलं, पुन्हा होतं तसं ठेवलं आणि त्यांच्या अंगावरची चादर नीट केली.

"झ्याक हायती, नाना," ती म्हणाली. "मार्केटला लावा."

नानांनी मान हलवली. दुसऱ्या दिवशी टेम्पो आला, आणि तो क्रेट त्यात गेला.