फ्लॉपीतली सनई

मुरारी गुरवाला काय काय वाजवता येतं, असं विचारण्यात अर्थ नव्हता. काय येत नाही तेवढंच विचारावं. पोलादपूरच्या वरच्या अंगाला त्याची वाडी. देवळातली सनई घराण्याचीच, पण ढोलकी, पखवाज, बासरी, हलगी, ज्याला हात घालील ते त्याचं होऊन जाई.

त्र्याण्णव साली महाडच्या किशोरने त्याला मुंबईला नेलं. किशोर कॅसेटच्या गाण्यांचं संगीत जुळवायचा. स्टुडिओत सकाळी कोळीगीत, दुपारी हळदीची गाणी, संध्याकाळी आरत्या. मुरारी एकटा चौघांचं काम करी. कॅसेटवर किशोरचं नाव ठळक, खाली बारीक अक्षरात 'वादक : मुरारी आणि मंडळी'. ती मंडळीही मुरारीच! बायको चंद्रभागा यावरून त्याला चिडवायची. किशोर तेव्हा सडाफटिंग. दोन वर्षं त्यांच्याच खोलीवर जेवला. "वहिनी, तुमच्या सुकटीपुढे हॉटेल झक मारतं," म्हणायचा.

नव्याण्णवमध्ये किशोरने त्याला तीन दिवस स्टुडिओत बसवलं. गाणं नाही, गायक नाही. ढोलकीची एकेक थाप हळू, मग मध्यम, मग जोरात. सनईचा एकेक सूर, दम पुरेल तोवर.

"ह्ये कशाला रं?" मुरारीने विचारलं.

"तुझ्या हाताचा नमुना हवाय. पुढे कामाला येईल."

मुरारीने जीव ओतून वाजवलं. मित्राचं काम, त्यात उणं राहता कामा नये.

पुढच्या वर्षी बोलावणी कमी झाली, मग थांबलीच. किशोर म्हणे, धंदा मंदावलाय. मुरारी बिऱ्हाड गुंडाळून वाडीवर आला.

दोन हजार एकमध्ये पाचाडला चंद्रभागेच्या भाचीचं लग्न होतं. महाडचा शहबाज कीबोर्ड घेऊन आला होता. अक्षता पडल्या, त्याने पट्टीवर बोट दाबलं आणि मांडवात सनई घुमली. मुरारीच्या हातातला लाडू तसाच राहिला. त्याच्या पुढच्या दाताचा तुकडा पडलेला होता. त्यामुळे सूर लागण्याआधी बारीक सुस्कारा निघायचा. तोच सुस्कारा त्या कीबोर्डमधून आला. शहबाजने दुसरं बटण दाबलं. ढोलकीही त्याचीच.

"ह्यो मी हाय," तो शहबाजजवळ जाऊन म्हणाला.

शहबाज हसला, मग मुरारीचा चेहरा पाहून त्याने आवाज बंद केला. "चाचा, मुंबईहून ह्या आवाजांची फ्लॉपी आलीय, कीबोर्डात घालायची. किशोरभाईंची. सगळ्या बँड-पार्टीवाल्यांकडे हाय."

दुसऱ्याच दिवशी मुरारी वीर स्टेशनला जाऊन मुंबईच्या गाडीत बसला. किशोरने काही लपवलं नाही. त्या तीन दिवसांतले सूर त्यानेच फ्लॉपीत भरून विकले होते.

"मी केलं नसतं तर दुसऱ्या कुणी केलं असतं, मुरारी."

"दुसऱ्या कुणासाठी मी तीन दिस वाजवलं नसतं."

"चिडतोस काय? तू दमशील, म्हातारा होशील. तुझा हात मात्र तसाच राहील."

"काढून टाक ते."

"आता कुठून काढू? गावोगाव गेलंय."

मुरारी पाणीही न पिता उठला. चोरी परक्याने केली असती तर आरडाओरडा तरी करता आला असता.

पाच वर्षांनी गणपतीत किशोर गाडी घेऊन वाडीवर आला. चंद्रभागेने चहा करून मुरारीच्या हाती दिला, पण ती बाहेर आली नाही. एका सिनेमासाठी सनई हवी होती. एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणारी. यंत्रात सूर सुटे सुटेच वाजत होते.

"तुझ्याशिवाय कुणाला जमणार नाही," किशोर म्हणाला.

"मी हाय ना त्या यंत्रात. त्यालाच सांग."

किशोर कपबशी खाली ठेवून निघून गेला.

चंद्रभागा कपबशी उचलायला आली. "बरं केलंत," ती म्हणाली.

मुरारी उंबऱ्यातच बसून होता. किशोरचं तोंड बंद केल्याचा आनंद त्याला कुठंच सापडत नव्हता.

"चुकलं म्हणाला असता ना गो," तो म्हणाला, "तर मी गेलो असतो."