परत धाडलेला झेंडा

पोलिसांतल्या नोकरीत खून-दरोडे पुष्कळ पाहिले, पण अजून मनातून जात नाही ती एका जुन्या झेंड्याची चोरी.

नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. रशियातलं लाल राज्य कोसळलं होतं, पण कोल्हापुरातले दोन लाल पक्ष अजूनही एकमेकांचं तोंड पाहत नव्हते. मूळचा पक्ष एकच, फार पूर्वी फुटलेला. मे दिन जवळ आला आणि एका पक्षाचे सेक्रेटरी ठाण्यात तक्रार अर्ज घेऊन आले. शिवाजी पेठेतल्या त्यांच्या कार्यालयातून झेंडा चोरीला गेला होता. सभासद वारला की हाच झेंडा त्याच्या अंगावर घालायचा आणि चितेआधी काढून घ्यायचा, अशी त्यांची रीत. देव न मानणाऱ्यांचं तेवढंच एक सोवळं.

"काम त्या दुसऱ्यांचंच हाय," सेक्रेटरी म्हणाले. "मिरवणुकीत आमची पोरं गप बसणार न्हाईत."

डोकी त्यांची फुटणार आणि ताप आम्हाला. दुसऱ्या पक्षाच्या दोघांना बोलावून उलटसुलट विचारलं. त्यातला वयस्क वैतागला. "साहेब, आमच्याकडं झेंड्यांचा दुष्काळ हाय व्हय? झेंडे ढीगभर हायत की. माणसंच न्हाईत."

हा माणूस चोर नव्हे, हे मला कळलं. मी कार्यालयात गेलो. कुलूप शाबूत, नवेकोरे झेंडे जागच्या जागी. किल्ली चौकटीवर ठेवलेली असे आणि ते जुन्या माणसांनाच ठाऊक. समोरचा चहावाला आमचा खबऱ्या होता. तो म्हणाला, "काकू येऊन गेल्या की दुपारी. आधी झेंडा धुवायला न्यायच्या, तसाच नेला. मला काय ठावं चोरी हाय म्हणून!"

काकू म्हणजे याच पक्षातून काढलेल्या एका गिरणी कामगाराची बायको. घरात सत्यनारायण घातला म्हणून त्याचं सभासदत्व गेलं होतं.

मी त्यांच्या घरी गेलो. म्हातारा आतल्या खोलीत पडून होता, डॉक्टरांनी आशा सोडलेली. मी हळूच विचारलं, "मावशी, झेंडा कुठाय?" तिनं आढेवेढे घेतले नाहीत. ज्वारीच्या डब्यातून धुतलेला, घडी घातलेला झेंडा काढून दिला.

"पूजा म्या घातलीती," ती म्हणाली. "पोरगी दुखण्यातनं उठली, नवस बोललेला. हे संपाच्या कामाला भाईर गेलते. बैठकीत विचारलं तर म्हणाले, घर माझं, जबाबदार मी. माझं नाव काढलं न्हाई. माझ्यापायी त्यांचा झेंडा गेला साहेब. मेल्यावर तरी अंगावर पडू दे, मग मला आत टाका."

तेवढ्यात आतून हाक आली, आम्ही झेंड्यासकट आत गेलो. म्हाताऱ्यानं झेंडा पाहिला, त्यावरून हात फिरवला. "कुठनं आणलास?" बायको खाली बघत उभी राहिली. तो समजला. हात मागे घेऊन मला म्हणाला, "मी सभासद न्हाई. परत धाडा, साहेब. हिला काय करू नका."

सेक्रेटरींना ठाण्यात बोलावलं, सगळं सांगून झेंडा ताब्यात दिला. गुन्हा अजून दाखल झाला नव्हता. त्यांनी अर्ज मागे घेतला. "एका शब्दानं सांगायचं हुतं की त्यानं," ते पुटपुटले.

मला राग आला. "पूजा कुणी घातली, हे तुम्ही विचारलंत?"

ते झेंडा पिशवीत घालू लागले. मी म्हणालो, आत्ताच झेंडा घेऊन त्याच्या घरी जा. ते म्हणाले, "ठरावाशिवाय न्हाई जमत. बैठक घेतो, परत सभासद करून घेतो."

बैठक झाली, ठरावही झाला. पण सेक्रेटरी झेंडा घेऊन पोचले तेव्हा दारात तिरडी बांधत होते. मीही साध्या कपड्यांत उभा होतो. त्यांनी घडी उलगडली, तशी काकूनं हात आडवा धरला.

"नको, भावजी. जित्तेपणी त्यांनीच परत धाडलाय. आता घालून त्यांचा शब्द मोडू नका."

सेक्रेटरींनी घडी घालायला घेतली, पण त्यांना ती नीट जमेना. शेवटी काकूनंच पुढं होऊन घालून दिली. डोळ्यांत पाणी आलं म्हणून मी बाजूला झालो.

त्या प्रकरणाची ठाण्यात नोंद नाही. पण त्यानंतर कुणी गुन्हा पटकन कबूल केला, तर मी आधी पाहायचो, हा कुणाला पाठीशी घालतोय? मे दिनाची मिरवणूक शांततेत पार पडली. तो जुना झेंडा मात्र सेक्रेटरींनी पुन्हा कुणाच्याच अंगावर घालू दिला नाही. पुढं ते स्वतः वारले, तेव्हाही नवाच आणला होता.